‘ळ’ आधी कानातून जातो

‘घरात हिंदीच बोलू, मराठी काय, मोठेपणी येईलच,’ हा आमच्या इंदूरच्या मराठी घरांत ऐकू येणारा युक्तिवाद आम्हांस मान्य नाही. मूल बोलण्याच्या कितीतरी आधी ऐकून ध्वनी निवडीत असते. इंग्रजीभाषक घरांतील सहा-आठ महिन्यांची बाळे हिंदीतील ‘त’ आणि ‘ट’ यांतला भेद ओळखतात, पण वर्षाच्या सुमारास ती जाण ओसरते, असे जेनेट वर्कर व रिचर्ड टीस यांनी १९८४ मध्ये दाखवून दिले. प्रमाण हिंदीत ‘ळ’ नाही. मग ‘काल’ आणि ‘काळ’ यांतले अंतर आमच्या नातवंडांना कोण ऐकविणार? ‘जग’ म्हणजे विश्व आणि ‘जग’ म्हणजे जिवंत राहा, हा उच्चारभेद तर लिपीतही उमटत नाही. तो ऐकूनच कळतो. मोठेपणी हे शिकता येते, पण कष्टाने. बडबडगीते आणि गावांच्या भेंड्या यांतून मूल शब्दातले अक्षर सुटे करावयास शिकते, आणि वाचनाचा पाया तोच. त्यांना पोरखेळ समजणाऱ्यांनी मराठीच्या ऱ्हासावर व्याख्याने देऊ नयेत. मंडळाच्या वर्धापनदिनी भाषेचा गौरव अवश्य करावा. परंतु त्याआधी पाळण्यातल्या बाळाशी मराठीत बोलावे.