एकच तर डिश!

मराठी भाषेत फसवी वाक्यं पुष्कळ आहेत. 'निघालोच आहे, पाच मिनिटांत पोचतो' हे एक. 'आम्हाला काही नको हं, नुसता चहा' हे दुसरं. 'तुमच्या पैशांची काळजी करू नका' हे तर ऐकल्याबरोबर काळजीला लागावं असं. पण या सगळ्यांना आपल्या मागे रांगेत उभं करील असं एक वाक्य गेल्या काही वर्षांत आपल्या घरांत शिरलं आहे. ते म्हणजे, 'फार काही करू नकोस, एकच तर डिश करायचीय!'

हे वाक्य ज्याने प्रथम उच्चारलं त्याने आयुष्यात एकही डिश केलेली नसणार, हे मी शपथेवर सांगायला तयार आहे.

या वाक्याला हल्ली रविवारी सकाळी राहायला एक घर मिळालं आहे. त्या घराचं नाव ब्रंच. ब्रेकफास्टचं डोकं आणि लंचचं शेपूट जोडून हा प्राणी तयार झाला, आणि त्याचा जन्मदाता ठाऊक आहे. १८९५ साली गाय बेरिंजर नावाच्या इंग्रज लेखकाने 'हंटर्स वीकली' या नियतकालिकात ब्रंचसाठी जगाला विनंती करणारा एक लेखच लिहिला. शनिवारी रात्री जागरण झालेल्या माणसाला रविवारी सकाळी लवकर उठण्याचा जाच नको, त्याने उशिरा उठावं आणि दोन्ही जेवणं एकदम उरकावीत, असं त्याचं म्हणणं. म्हणणं रास्तच आहे. उशिरा उठणाऱ्याला एक सुंदर शब्द मिळाला. त्याच्यासाठी जिने लवकर उठायचं तिच्याकरता मात्र सव्वाशे वर्षांत एकही शब्द निघालेला नाही.

आपल्याकडेही न्याहारी आणि जेवण कधी कधी एकत्र होत असे. त्याला 'आज उशीर झाला' असं म्हणत, आणि त्यावरून सासूबाई दोन दिवस बोलत नसत.

तर या ब्रंचचं कुलदैवत म्हणजे कॅसरोल. आमच्या पिढीला कॅसरोल म्हणजे पोळ्या गरम ठेवायचा डबा. लग्नात तीन-चार तरी यायचे, आणि त्यातले दोन पुढच्या लग्नांत आपण देऊन टाकायचे. त्यामुळे माझी पुतणी जेव्हा म्हणाली, "काकू, रविवारी सगळे तुमच्याकडे जमूया, ब्रंचला कॅसरोल करू," तेव्हा मी डबा घासून ठेवला. मग कळलं की हा कॅसरोल निराळा. हा खायचा असतो.

आमचं घर गव्हाणला. पनवेल तालुक्यातलं गाव, पुढे अंगण, मागे आंबा. त्यामुळे उलवे, खारघर, ठाणे अशा ठिकाणी ब्लॉकमध्ये राहणाऱ्या आमच्या तमाम नातेवाइकांना रविवारी मोकळ्या हवेची आणि माझ्या हातच्या जेवणाची एकदमच आठवण येते. आता तर आमच्या गावाला रेल्वेचं स्टेशन झालं आहे. पूर्वी 'येणार होतो हो, पण एस्टी चुकली' ही सोय असायची. देशाच्या प्रगतीत यजमानाची केवढी हानी होते, याचा विचार नियोजनकर्त्यांनी करायला हवा.

कॅसरोलची कृती ऐकायला इतकी सोपी की ऐकणाऱ्याला लगेच भूक लागावी. पावाचे तुकडे पसरायचे. त्यावर बटाटा, कांदा, सिमला मिरची, हवं तर सॉसेज. दहा-बारा अंडी दुधात फेटून त्यावर ओतायची. वर भरपूर चीज किसायचं. रात्रभर फ्रिजमध्ये मुरवायचं आणि सकाळी ओव्हनमध्ये १८० अंशांवर पाऊण तास भाजायचं. "म्हणजे सकाळी काहीच काम नाही," पुतणी म्हणाली. आमच्या ह्यांनी मान डोलावली. "एकच तर डिश," असंही ते म्हणाले.

आता हिशेब ऐका. माणसं चौदा. त्यांतले थोरले भाऊजी अंडं खात नाहीत, म्हणून एक ट्रे बिनअंड्याचा. जाऊबाईंची नेमकी संकष्टी, म्हणून साबुदाण्याची खिचडी. एका नातवाला चीज चालत नाही, दुसऱ्याला चीजशिवाय काही चालत नाही. अंड्याचे दोन ट्रे आणि बिनअंड्याचा एक, असे तीन ट्रे झाले. ओव्हनमध्ये मावतो एक. तीन त्रिक पाऊण म्हणजे सव्वादोन तास, असं पाढे पाठ असलेल्या कुणालाही सांगता येईल. पण ब्रंचची तारीख ठरवताना पाढे म्हणायची पद्धत नाही. आदल्या रात्री चिरणं-फेटणं दोन तास. सकाळी सहाला ओव्हन चालू. नऊला मंडळी हजर. 'उशिरा उठायचं जेवण' म्हणून आलेली ही माणसं भुकेली मात्र वेळेवर झालेली. मग कुणीतरी गोड आवाजात म्हणतं, "तोपर्यंत थोडे पोहे टाकायचे का?" पोहे टाकले. चहा चार वेळा झाला. शेवटचा ट्रे साडेदहाला निघाला, सगळ्यांनी त्याचे फोटो काढले, वा वा केलं आणि मला हाक मारली, "अगं, ये ना तूही, गरम आहे तोवर!" मी त्या वेळी पहिल्या ट्रेच्या कोपऱ्यात सिमेंटासारखं बसलेलं चीज उलथन्याने खरवडत होते.

दुपारी चारला आमचे हे म्हणाले, "आज काय, एकच डिश होती. चहाबरोबर काही आहे का?"

इथे काही वाचक सरसावून बसले असतील की आता ही बाई पाश्चात्त्य पदार्थांवर तुटून पडणार आणि 'आमच्या वेळी' म्हणून गळा काढणार. त्यांची निराशा होईल. कॅसरोल चविष्ट झाला होता. अंडं, पाव आणि चीज यांनी एकत्र येऊन वाईट लागायचं म्हणजे फार मेहनत घ्यावी लागते. आणि ओव्हनशी तर माझं काडीचं भांडण नाही. भाजलेले भरभक्कम पदार्थ आपल्याकडेही होतेच. सीकेप्यांच्या घरचं कोलंबीचं भानोलं घ्या, कोकणातलं काकडीचं धोंडस घ्या. खाली विस्तव, वर झाकणावर निखारे, आणि मधे तो पदार्थ. त्या निखाऱ्यांना कळ नव्हती आणि काटाही नव्हता. चुलीपुढे बसून, धुराने डोळे चोळत, वरचा विस्तव कमी झाला की खालचा वर घालणारी एक सून होती. तिला १८० अंशांचा ओव्हन मिळाला असता तर तिने त्याची हळदकुंकू वाहून पूजा केली असती. 'चुलीवरची चव काही औरच' असं म्हणणारे गृहस्थ चुलीच्या कुठल्या बाजूला बसत, हे मला पक्कं माहीत आहे.

तेव्हा भांडण जुन्या-नव्याचं नाही. भांडण हातांच्या संख्येचं आहे. चौदा तोंडं आणि दोन हात, हा हिशेब चुलीवरही चुकीचा होता आणि ओव्हनमध्येही चुकीचाच आहे.

आणि हा हिशेब बरोबर बसवणारी भाजलेली डिश आमच्याच मातीत आहे. तिचं नाव पोपटी.

ज्यांना ठाऊक नसेल त्यांच्यासाठी सांगते. भात कापून झालं की जमिनीत उरलेल्या ओलाव्यावर आमच्या रायगडात वाल करतात. थंडीत त्याच्या शेंगा भरल्या की पोपटीचे दिवस आले. एक मडकं घ्यायचं. तळाशी भांबुर्ड्याचा पाला. हे रानात आपोआप उगवणारं, उग्र वासाचं झुडूप; एरवी त्याला कुणी विचारत नाही, पण पोपटीत त्याच्यावाचून अडतं. पाल्यावर मीठ-ओवा लावलेल्या अख्ख्या शेंगा, मधून मधून बटाटे, अंडी, कांदे, आणि खाणारे असतील तर मसाला लावून पानात गुंडाळलेली कोंबडी. तोंडाशी पुन्हा पाला ठासायचा आणि मडकं जमिनीवर उपडं घालून भोवती पेंढा, काटक्या, गोवऱ्या रचून पेटवायचं. तेलाचा थेंब नाही, पाण्याचा थेंब नाही. सगळं आपल्याच वाफेवर शिजतं. अर्ध्या-पाऊण तासाने मडक्यावर पाणी शिंपडायचं. चर्र झालं की पोपटी झाली. मग पान पसरून मडकं रितं करायचं आणि भोवती बसायचं. शाकाहारी माणसाने शेंगा उचलाव्यात, बाकीच्यांनी बाकीचं. फार कडक असेल तर त्याच्यासाठी लहान मडकं वेगळं, विस्तव तोच. टरफलं गुरांना. ट्रे खरवडणे नाही.

पण पोपटीची खरी नवलाई पाककृतीत नाही, वाटणीत आहे. आमचे सासरे घरात पाण्याचा पेलाही स्वतःच्या हाताने भरून घेत नसत. पोपटीच्या दिवशी तेच सासरे भांबुर्डा तोडायला बांधाबांधाने हिंडत. एक दीर मडकं आणणार, दुसरे शेंगा धुणार, पोरं काटक्या जमवणार, आमचे हे कोंबडीला मसाला चोळणार आणि मीठ किती यावरून चुलतभावाशी भांडणार. आम्ही बायका चक्क बसलेल्या! यामागचं कारण मी पुष्कळ चिंतनाअंती शोधून काढलं आहे. पोपटी घराबाहेर लागते. स्वयंपाक उंबरठ्याच्या आत असेपर्यंत ते बायकांचं काम असतं. तोच उंबरठ्याबाहेर गेला की पराक्रम होतो.

आमच्या गावाच्या नावाचाही यात विचार करण्यासारखा आहे. गव्हाण म्हणजे गोठ्यात गुरांना वैरण घालायची जागा. त्यावरून नातेवाईक आमची पुष्कळ थट्टा करतात. करू देत. गव्हाणीपाशी एक गोष्ट चोख असते. सगळी गुरं एकाच वेळी खातात. त्यातलं एक जण आत पोहे टाकत नसतं.

यावर आक्षेप येणार. पहिला, पोपटी रात्रीची असते, ब्रंच सकाळचा. विस्तवाला घड्याळ कळत नाही. थंडीत सकाळी दहालाही मडकं तितकंच चर्र करतं.

दुसरा आक्षेप मात्र हसण्यावारी नेता येत नाही. शेत कुठे आहे? १९७० साली शासनाने नवी मुंबईसाठी ठाणे, पनवेल आणि उरण तालुक्यांतली ९५ गावं घ्यायचं ठरवलं, त्यांत आमचं गव्हाण. १९८४ च्या जानेवारीत, ऐन पोपटीच्या दिवसांत, शेजारच्या उरण तालुक्यात दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली शेतकरी जमिनीच्या मोबदल्यासाठी रस्त्यावर उतरले. १६ आणि १७ तारखेच्या गोळीबारात पाच माणसं गेली. त्या लढ्यातून साडेबारा टक्के विकसित जमीन शेतकऱ्याला परत द्यायचं धोरण आलं. साडेबारा टक्क्यांत बंगला बसतो, इमारतही बसते. वालाचं शेत बसत नाही. आता शेंगा बाजारातून किलोवर आणायच्या आणि भांबुर्डा एखाद्या मोकळ्या प्लॉटच्या कुंपणाशी शोधायचा; तोही प्लॉट मोकळा आहे तोवर. शनिवार-रविवारी रिसॉर्टांत 'पोपटी पार्टी' मिळते, पण तिथे मडकं दुसराच कुणी लावतो आणि आपण नुसते फोटो काढतो. म्हणजे पुन्हा ब्रंचच.

शेत संपादनात गेलं, ते कुणी परत आणून देणार नाही. पण कामाची वाटणी काही संपादनात गेली नव्हती. तिच्यासाठी कुणी नोटीस काढली नव्हती की पंचनामा केला नव्हता. ती आपण आपणहून सोडून दिली, आणि मोबदला म्हणून ओव्हन घेतला.

तेव्हा माझं सांगणं एवढंच. ब्रंच करा, खुशाल करा, कॅसरोलच करा. पण तो पोपटीच्या कायद्याने करा. ज्याने 'एकच तर डिश' म्हटलं त्याने कांदे चिरावेत, सगळे. ज्याला अंडं चालत नाही त्याने आपला ट्रे आपण भरावा. ज्याने पहिला फोटो काढला त्याने शेवटचा ट्रे घासावा. आणि सगळे बसल्याशिवाय कुणी चमचा उचलू नये.

हे कायदे स्वयंपाकघरात चालणार नाहीत, याची मला कल्पना आहे. तिथे पुरुषमंडळींना गुदमरतं. म्हणून शेवटचा उपाय सुचवते. ओव्हन उचला आणि अंगणात नेऊन ठेवा. अंगण नसेल तर गॅलरीत, गॅलरी नसेल तर हॉलच्या मधोमध. एकदा का तो उंबरठ्याबाहेर गेला, की आमचे हे, दोन्ही दीर आणि यच्चयावत जावई त्याच्याभोवती हात चोळत उभे राहतील आणि १८० अंश की २०० यावर भांडू लागतील.

वायर पुरणार नाही म्हणाल, तर एक्स्टेन्शन बोर्डाचा खर्च माझा.