कोऱ्या जागेचा खोटा दाखला

शालेय भूगोलात समशीतोष्ण गवताळ प्रदेशांच्या वाट्याला फार तर दोन पाने येतात. स्टेप, प्रेअरी, पंपास, व्हेल्ड, डाउन्स ही नावे पाठ केली, पुढे ‘विस्तीर्ण सपाट मैदाने, विरळ वस्ती, गव्हाचे कोठार’ एवढे लिहिले की गुण पदरात पडतात. सोबतच्या नकाशात या साऱ्यांना एकच रंग असतो. मुलांना एवढे पुरे, असे कोणी म्हणेल. पण हीच समजूत राज्यकर्त्यांनी आणि सर्वेक्षकांनी पिढ्यान्‌पिढ्या खरी मानली, तिच्यावर कायदे केले, माणसे हलवली आणि कोट्यवधी हेक्टर जमीन उलथून टाकली. सपाट, रिकामी आणि म्हणून नांगरण्याजोगी, हा सिद्धान्तच चुकीचा आहे. तो रूढ करण्यात नकाशांचा वाटा मोठा आहे, म्हणून त्याचे खंडनही नकाशे समोर ठेवूनच करायला हवे.

सपाटपणाचा दावा सर्वात आधी कोसळतो. अमेरिकेतील कॅन्सस हे राज्य सपाटपणाचा नमुना म्हणून सांगितले जाते. त्याच्या आग्नेय कोपऱ्यातील सखल भाग समुद्रसपाटीपासून सुमारे 207 मीटरवर आहे आणि पश्चिम सीमेवरचा माउंट सनफ्लॉवर 1,231 मीटरवर. हजार मीटरांचा हा उतार इतका संथ आहे की डोळ्याला जाणवत नाही, नद्यांना मात्र जाणवतो. शेजारच्या नेब्रास्कात सँडहिल्स नावाचा सुमारे 50,000 चौरस किलोमीटरचा मुलूख आहे. तिथे गवताखाली चक्क वाळूच्या टेकड्या आहेत आणि त्यांच्याही खाली ओगलाला हा प्रचंड भूजलसाठा. तिथून उत्तरेला रेड नदीचे खोरे लागते. हिमयुगाच्या अखेरीस आटलेल्या अगासिझ सरोवराचा तो तळ, म्हणून खरोखर पाटासारखा सपाट आणि काळ्याभोर मातीचा. नकाशात दोन्ही ठिकाणी ‘प्रेअरी’ असते आणि रंगही एकच असतो. पण खोऱ्यात नांगर चालवला तर पीक येते, आणि टेकड्यांवर चालवला तर वाळू सुटते. सँडहिल्समध्ये ज्यांनी शेतीचा हट्ट धरला त्यांना हे लवकरच कळले. आज तो मुलूख गुराख्यांचा आहे.

रिकामेपणाचा दावा याहून घातक, म्हणून त्याच्यापाशी जरा थांबायला हवे.

1820 साली मेजर स्टीफन लाँग यांची तुकडी प्लॅट नदीच्या काठाने रॉकी पर्वतापर्यंत गेली. या मोहिमेचा वृत्तांत 1823 मध्ये प्रसिद्ध झाला, आणि त्यासोबतच्या नकाशावर पर्वताच्या पूर्वेकडील भागावर ‘थोरले वाळवंट’ अशा अर्थाची मोठी अक्षरे छापली गेली. शेतीवर जगणाऱ्या समाजाला इथे राहता येणार नाही, असा निष्कर्ष वृत्तांतात होता. जमिनीचा कस झाडांवरून ओळखायचा ही पूर्वेकडच्या जंगली प्रदेशातून आलेल्या लोकांची सवय होती. झाडे नाहीत, तेव्हा माती निकस, असे त्यांनी धरले. पुढे कित्येक वर्षे हे वाळवंट नकाशांमधून फिरत राहिले.

आता याच्या बावीस वर्षे आधीचा एक नकाशा पाहा. फेब्रुवारी 1801 मध्ये ब्लॅकफूट लोकांचे एक प्रमुख, अक को मोक की, यांनी हडसन बे कंपनीचे सर्वेक्षक पीटर फिडलर यांना आपला मुलूख रेखाटून दाखवला. रॉकी पर्वताची रांग आणि तिच्यातून निघून मिसुरीला मिळणाऱ्या नद्या त्यात आहेत. त्याहून महत्त्वाचे म्हणजे तीसहून अधिक जनसमूहांची ठिकाणे आणि प्रत्येकाच्या तंबूंची संख्या फिडलरने टिपून घेतली. ही माहिती लंडनला पोचली. नकाशाकार ॲरन ॲरोस्मिथ यांनी 1802 च्या आपल्या नकाशात ती वापरली, आणि लुईस व क्लार्क यांच्या मोहिमेच्या तयारीत तो नकाशा होता. ज्या मुलखाला पुढे वाळवंट म्हटले गेले, त्याच्या उत्तर भागाची मोजदाद तिथल्या माणसाने तंबूंसकट करून दिली होती. अज्ञानामुळे हे लोक दिसले नाहीत, ही सबब इथे टिकत नाही.

रिकामेपण नंतर आले, आणि ते आणले गेले. विल्यम हॉर्नडे यांनी 1889 मध्ये गवा-बायसनच्या संहारावर अहवाल लिहिला. त्यासोबतच्या नकाशात कळपांचा मुलूख वर्षागणिक कसा आक्रसत गेला हे वेटोळ्यांनी दाखवले आहे. कोट्यवधींच्या जागी हजाराच्या आसपास जनावरे उरली होती. त्यांच्यावर जगणारे लोक तोवर राखीव वस्त्यांमध्ये कोंडले गेले होते.

कझाक स्टेपची कथा वेगळ्या पद्धतीची आहे, आणि मला ती अधिक बोचते, कारण तिथे मोजणी प्रामाणिकपणे झाली. 1896 ते 1903 या काळात फ्योदोर श्चेर्बिना यांच्या मोहिमेने कझाक कुटुंबे, त्यांची जनावरे, त्यांच्या हिवाळी आणि उन्हाळी जागा यांची बारकाईने नोंद केली. ते खंड आजही अभ्यासकांना मोलाचे वाटतात. पण हेतू ठरलेला होता. एका कुटुंबाला किती जमीन पुरे याचे प्रमाण काढायचे आणि उरलेली ‘अतिरिक्त’ ठरवून रशियातून येणाऱ्या शेतकऱ्यांना द्यायची. कझाक पशुपालक हिवाळ्यात वाऱ्यापासून आडोसा देणाऱ्या किस्ताउवर राहत आणि उन्हाळ्यात दूरच्या जाइलाउवर जात. अंतर कधी कित्येकशे किलोमीटरांचे. जानेवारीत ओस दिसणारी जागा जूनमध्ये कळपांनी भरलेली असे, आणि ती जानेवारीत ओस राही म्हणूनच जूनमध्ये तिथे चारा असे. दुष्काळाच्या वर्षी लागणारे राखीव कुरणही या हिशेबात ‘अतिरिक्त’ ठरू शकत होते. चांगल्या जमिनी गेल्या, वाटा तुटल्या. 1930 नंतर सोव्हिएत राजवटीने जनावरे हिसकावून या लोकांना सक्तीने एका जागी बसवले, तेव्हा आलेल्या दुष्काळात सुमारे 15 लाख माणसे मेली.

इथे प्रतिपक्षाचा सर्वात बळकट मुद्दा येतो: गहू. युक्रेन, कॅन्सस, सस्कॅचवान यांनी जगाला भाकरी दिली, तेव्हा गवत राखून काय मिळाले असते? हा मुद्दा मी टाळणार नाही. जिथे पाऊस पुरतो आणि माती खोल आहे तिथे गहू पिकवणे योग्यच होते. आक्षेप आहे तो एका रंगाखाली सगळी जमीन नांगराला जोडण्यावर. अमेरिकेने 1785 च्या वटहुकुमाने सहा मैलांच्या चौरसांचे जाळे जमिनीवर टाकले. प्रत्येक चौरसात 640 एकरांचे 36 तुकडे, आणि 1862 च्या होमस्टेड कायद्याने कुटुंबाला त्यातला पाव तुकडा, म्हणजे 160 एकर. ओहायोच्या ओल्या मुलखात एवढी जमीन भरपूर होती. जॉन वेस्ली पॉवेल यांनी 1878 च्या अहवालात बजावले की 100° पश्चिम रेखावृत्ताच्या आसपास वर्षाचा पाऊस 20 इंचांखाली जातो आणि त्यापलीकडे केवळ पावसावरची शेती भरवशाची नाही. तिथे चराईसाठी कुटुंबाला 2,560 एकर द्या, असे त्यांनी सुचवले. पुढे त्यांनी कोरड्या प्रदेशाचा पाणलोट क्षेत्रांनुसार विभागलेला नकाशाही प्रसिद्ध केला. सरळ रेषांऐवजी पाण्याने ठरवलेल्या सीमा! 1893 मध्ये लॉस एंजलिसच्या सिंचन परिषदेत त्यांनी पाणी सगळ्या जमिनीला पुरणार नाही असे सांगितले, तेव्हा सभागृहाने त्यांची हुर्यो उडवली. नांगरट वाढली की पाऊसही वाढतो, असे छातीठोकपणे सांगणारे लोक त्या काळात पुस्तके लिहीत होते. मग 1930 चे दशक आले. पहिल्या महायुद्धाच्या काळात आणि त्यानंतर गव्हासाठी उलथलेली आखूड गवताची जमीन सलग दुष्काळात उडाली. 14 एप्रिल 1935 चे धुळीचे वादळ आजही ‘काळा रविवार’ म्हणून ओळखले जाते.

हा धडा समोर असूनही 1954 मध्ये ख्रुश्चेव यांनी उत्तर कझाकस्तान आणि सायबेरियातील पड जमिनी नांगरण्याची मोहीम काढली. 1960 पर्यंत 4 कोटी हेक्टरांहून अधिक जमीन नांगराखाली आली. 1956 चे पीक उत्तम आले, आणि साठच्या दशकाच्या सुरुवातीलाच वाऱ्याने माती उचलायला सुरुवात केली. शोर्तांदीच्या संस्थेतील अलेक्सांद्र बरायेव यांनी माती न उलथता, आधीच्या पिकाची खुंटे शेतात उभी ठेवून पेरणी करण्याची पद्धत रुजवली, तेव्हा नुकसान आवरले. गवताचे काम त्यांनी खुंटांकडून करून घेतले.

मग खरा नकाशा कसा असतो? तो 1883 मध्येच काढला गेला होता. वासिली दोकुचायेव यांनी हजारो किलोमीटर फिरून रशियाच्या चेर्नोझेम मातीवरचा ग्रंथ लिहिला. त्यासोबतच्या नकाशात त्यांनी मातीतील ह्यूमसच्या प्रमाणानुसार पट्टे आखले. वरून एकसुरी दिसणारा स्टेप खालून किती बदलतो, हे त्यातून प्रथमच दिसले. गवताची मुळे दरवर्षी मरतात. कोरडा उन्हाळा आणि गोठलेला हिवाळा त्यांना पुरते कुजू देत नाही, आणि हजारो वर्षांत काळा थर साचतो. आपल्या रेगूर मातीशी रंग जुळला तरी जन्म जुळत नाही. आपली माती बेसाल्टची झीज होऊन झाली, ती माती गवताने केली. गवत कायमचे काढून तिथे गहू घेणे म्हणजे भरलेल्या कणगीतून काढत राहणे आणि भर घालणाऱ्याला घराबाहेर ठेवणे. दोकुचायेव यांच्या नकाशाने सुपीकतेचे कारण दाखवले, म्हणून मी त्याला इतर सगळ्यांहून श्रेष्ठ मानतो.

नकाशाला सोपेपणा आणावाच लागतो, असे यावर म्हटले जाईल. मान्य. पण प्रत्येक वेळी गाळले गेले ते मुळे, ऋतू आणि हालचाल, आणि प्रत्येक वेळी फायदा झाला तो जमीन मागणाऱ्याचा. हालचाल दाखवता येते, हे आता कझाकस्ताननेच सिद्ध केले आहे. सायगा हरणांची संख्या तिथे या शतकाच्या सुरुवातीला वीस-पंचवीस हजारांवर आली होती. 2015 मध्ये एका जिवाणूच्या साथीत काही आठवड्यांत दोन लाखांहून अधिक हरणे मेली. अल्तिन दाला या उपक्रमात कळपांच्या वाटांचा माग काढला गेला, संरक्षित क्षेत्रे आखली गेली आणि ती जोडणारा संचारमार्ग राखला गेला. त्याला शिकारीवरच्या कडक पहाऱ्याची जोड मिळाली. 2023 ची गणना 19 लाखांच्या घरात गेली. सोव्हिएत काळानंतर ओस पडलेली कित्येक शेते या दरम्यान पुन्हा गवताखाली गेली होती, हेही यात ध्यानात ठेवावे.

त्याच मध्य आशियाई स्टेपमध्ये वीण करून भोरड्या दर हिवाळ्यात आपल्या ज्वारीच्या शिवारांवर उतरतात. आपले माळरान उष्ण पट्ट्यातले, त्याची माती, पाऊस आणि गवत निराळे. त्याला स्टेप म्हणणे चूक ठरेल. पण कागदावरचा अन्याय तोच आहे. सातबाऱ्यावर ‘पोटखराब’, देशाच्या पडीक जमिनींच्या नकाशासंग्रहात झुडपी किंवा अवनत चराऊ जमीन, आणि मग वृक्षारोपण किंवा प्रकल्पांसाठी ‘उपलब्ध’ जागा. धनगरांचे वाडे कोणत्या वाटेने येतात, कोणत्या महिन्यात कोणत्या माळावर थांबतात, कोणाच्या शेतात मेंढरे बसवतात, याला गावनकाशात जागा नाही. गायरानाचा निर्णय होण्याआधी ग्रामसभेने निदान एवढी नोंद स्वतः काढावी आणि ती मोजणी खात्याच्या नकाशाला जोडूनच पुढे पाठवावी.