पट्टकृमीला जात नसते

गाळपाचा हंगाम सुरू झाला की शिरूर आणि दौंड या तालुक्यांत बीड, जालना, अहिल्यानगर या जिल्ह्यांतून ऊसतोडणी मजुरांच्या टोळ्या दाखल होतात. घोड आणि भीमेच्या काठी, कालव्यांच्या पाण्यावर वाढलेला ऊस हे मजूर पहाटेच्या अंधारात तोडू लागतात. त्यांच्या कोप्या कारखान्याच्या तळावर किंवा फडाच्या कडेला उभ्या राहतात. कोपीला दार नसते, दिवा क्वचितच असतो, आणि शौचालय बहुधा नसतेच. माणसे जेथे चार-पाच महिने संसार मांडतात तेथे त्यांच्या मलविसर्जनाची व्यवस्था शेताच्या बांधावर सोपवलेली असते. या वस्तुस्थितीचा माणसाच्या मेंदूशी काय संबंध, असा प्रश्न कोणी विचारील. संबंध अत्यंत निकटचा आहे, आणि तो झाकून ठेवण्यात अनेकांचे हित गुंतलेले आहे.

टीनिया सोलियम नावाचा पट्टकृमी माणसाच्या लहान आतड्यात राहतो. त्याची लांबी सामान्यतः २ ते ४ मीटर भरते. त्याचे पक्व खंड मलाबरोबर बाहेर पडतात आणि प्रत्येक खंडात हजारो अंडी असतात. ज्याच्या पोटात तो राहतो त्याला बहुधा त्याची वार्ताही नसते. उघड्यावरची विष्ठा डुकराने खाल्ली की अंड्यांतून निघालेली सूक्ष्म अळी त्याच्या स्नायूंत पुटी करून बसते. असे मांस अर्धकच्चे खाल्ले गेले की माणसाच्या आतड्यात पुन्हा कृमी वाढतो. येथवरची हकिकत पुष्कळांना ठाऊक असते. परंतु या चक्राला दुसरी वाट आहे. तीच अंडी न धुतलेल्या हातांनी, दूषित पाण्यातून किंवा कच्च्या भाजीबरोबर माणसाच्या पोटात गेली, तर माणूस डुकराची जागा घेतो. अळी रक्तावाटे स्नायूंत, डोळ्यांत आणि मेंदूत पोहोचते. मेंदूतील पुटी कित्येकदा काही वर्षे मुकाट्याने राहते आणि ती मरू लागली की भोवती सूज येऊन झटके सुरू होतात. खेड्यात त्याला फेफरे म्हणतात, शहरात फिट.

सारांश असा, की आतड्यातील कृमी सदोष मांसातून येतो, तर मेंदूतील पुटी माणसाच्या विष्ठेतून येते. जन्मात मांसाला न शिवलेला माणूसही या आजाराला बळी पडू शकतो. हा तर्क नव्हे, नोंदलेला अनुभव आहे. न्यूयॉर्कमधील सनातनी ज्यू कुटुंबांत, जेथे डुकराचे मांस धर्मानेच निषिद्ध, तेथे मेंदूतील पुटींचे रुग्ण आढळल्याचे १९९२ साली प्रसिद्ध झाले. संसर्गाचा माग काढता तो घरकामासाठी लॅटिन अमेरिकेतून आलेल्या, स्वतःच्या आजाराची कल्पना नसलेल्या आणि कधीच तपासणी न झालेल्या कामगारांपर्यंत गेला. मालकाच्या स्वयंपाकघराला लावलेले सोवळे नोकराच्या आरोग्याची हेळसांड झाकू शकले नाही. आपल्या देशात वेल्लोर जिल्ह्यातील घरोघरच्या पाहणीत अपस्माराच्या सुमारे एक तृतीयांश रुग्णांचे मूळ या पुटींत सापडले. जागतिक आरोग्य संघटनाही या कृमीचा प्रादुर्भाव असलेल्या अनेक प्रदेशांसाठी सुमारे ३० टक्क्यांचाच आकडा देते.

असे असता आपल्याकडे या रोगाचा उच्चार झाला की बोट कोणाकडे वळते? डुकरे पाळणाऱ्या वडार-कैकाड्यांकडे, ते मांस खाणाऱ्या दलित वस्त्यांकडे. ‘त्यांच्या खाण्यामुळे’ हे दोन शब्द उच्चारले की सुशिक्षित माणसाची जिज्ञासा संपते. ज्यांनी शतकानुशतके गावाची घाण उचलली त्यांच्याच माथी त्या घाणीचा रोग मारण्याची ही जुनी रीत आहे. डुक्कर विष्ठा खाते, कारण गाव ती उघड्यावर टाकते. बंदिस्त जागेत, चांगल्या खाद्यावर वाढलेले आणि तपासणी होऊन विकले गेलेले जनावर हा रोग पसरवत नाही. मांस नीट शिजवले तर पुटी मरते. म्हणजे दोष आहाराचा नाही. डुक्करपालकाला जागा, खाद्य आणि पशुवैद्य न देणाऱ्या व मांसतपासणीला वाऱ्यावर सोडणाऱ्या कारभाराचा आहे.

‘परंतु आता हागणदारी उरली कोठे?’ असे शासन विचारते. ग्रामीण महाराष्ट्र २०१८ साली हागणदारीमुक्त घोषित झाला, हे खरे. या घोषणेचा आधार मात्र २०१२ च्या पायाभूत सर्वेक्षणातील कुटुंबे हा होता. बीड जिल्ह्यातल्या मजुराच्या घरी शौचालय बांधले गेले की हिशेब पुरा झाला. तो मजूर अर्धे वर्ष दौंडच्या फडावर असतो आणि गावचे शौचालय कुलपात असते, याची नोंद कोणत्या रकान्यात करायची? शौचालये मोजली गेली. माणसे मोजायची राहून गेली.

येथे प्रश्न अर्थकारणाचा होतो. साखर कारखाना मुकादमाला उचल देतो, मुकादम मजुराला बांधून आणतो. त्यामुळे मजूर आपला नोकर नाही, असे म्हणायला कारखाना मोकळा राहतो. तोडणी आणि वाहतुकीचा खर्च शेतकऱ्याच्या ऊसदरातून वजा होतो, म्हणून शेतकरीही आपली जबाबदारी संपली असे मानतो. साखरेच्या पोत्याच्या किमतीत सर्व खर्च मोजले जातात; न बांधलेल्या शौचालयाचा खर्च तेवढा कोणाच्याच खतावणीत येत नाही. तो कोठे तरी, कोणाच्या तरी मेंदूत, काही वर्षांनी जमा होतो. मग त्या घरातला कमावता हात जातो, स्कॅनसाठी कर्ज होते, फेफऱ्याच्या मुलीचे लग्न मोडते. अपस्मार हा विवाहाला बाधक ठरवणारे कलमच हिंदू विवाह कायद्यातून १९९९ साली वगळले गेले. लोकांच्या मनातून ते अजून वगळले गेलेले नाही.

यावरून कोणी ‘मजूर रोग घेऊन येतात’ असा निष्कर्ष काढील तर तो वर सांगितलेल्या जुन्याच पापाची पुनरावृत्ती करील. अंडी कोणाच्याही पोटातून येऊ शकतात, बंगल्यातल्या माणसाच्याही. पुणे शहराचे सांडपाणी मुळा-मुठेतून भीमेला मिळते आणि शहराने वापरलेले पाणी मुंढव्याहून कालव्यात उचलून याच पट्ट्यातील शेतीला दिले जाते. सिंचनाच्या अशा पाण्यात दर लिटरला १ हून अधिक कृमिअंडे नसावे, असे जागतिक आरोग्य संघटनेने २००६ साली सांगितले आहे. पाणी तळ्यांत पुरेसे दिवस स्थिर ठेवले तर अंडी तळाशी बसतात, इतका हा उपाय साधा आहे. शहर आपली घाण खाली धाडते आणि खालून आलेली कोथिंबीर गुलटेकडीच्या बाजारातून ताटात घेते. या देवाणघेवाणीत फडावरचा मजूर तेवढा अस्वच्छ कसा ठरतो?

शासनाचे दुसरे समाधान जंतनाशक दिनाचे. २०१५ पासून शाळा-अंगणवाड्यांतून अल्बेंडाझोलची गोळी दिली जाते. हा उपक्रम चांगला आहे. पण तो मातीतून पसरणाऱ्या गोल जंतांसाठी आणि १ ते १९ वर्षे वयासाठी आहे. पट्टकृमीवर त्या एका गोळीचा भरवसा धरता येत नाही, आणि कोयता चालवणारे आई-बाप तर त्या वयोगटाबाहेरच राहतात. आतड्यातील पट्टकृमीवर निक्लोसमाइड आणि प्राझिक्वांटेल ही औषधे आहेत. मेंदूत पुटी असलेल्यास मात्र प्राझिक्वांटेल वैद्याच्या देखरेखीवाचून देणे धोक्याचे, म्हणून गोळ्या वाटून मोकळे होण्याचा मार्ग येथे बंद आहे. तपासणी करणारा दवाखाना तळापर्यंत न्यावा लागेल.

हे अशक्य आहे काय? रोगनिर्मूलनाच्या आंतरराष्ट्रीय कृतिदलाने १९९३ सालीच हा कृमी निर्मूलन होण्याजोगा ठरवला. पेरू देशातील टुंबेस प्रांतात माणसांवर आणि डुकरांवर एकाच वेळी उपचार करून, डुकरांना लस टोचून शंभराहून अधिक गावांत त्याचा प्रसार जवळजवळ थांबवल्याचे २०१६ साली जगापुढे आले. ती लस परक्या मुलखातून आणावयाची नाही. राष्ट्रीय दुग्धविकास मंडळाच्या मालकीची हैदराबादची इंडियन इम्युनॉलॉजिकल्स ही कंपनी ती तयार करते. सार्वजनिक पैशाने उभ्या राहिलेल्या कारखान्यात औषध तयार आहे. गरिबाच्या डुकराला ते टोचण्याची इच्छा तयार नाही.

पैशाचे रडगाणेही चालणार नाही. गोपीनाथ मुंडे ऊसतोड कामगार कल्याण महामंडळासाठी कारखान्यांनी टनामागे १० रुपये आणि शासनाने तितकेच द्यावेत असे ठरले आहे. हंगामात ५ लाख टन ऊस गाळणाऱ्या एका कारखान्यापुरती ही रक्कम दोन्ही मिळून १ कोटी होते. तेव्हा मागणी स्पष्ट असली पाहिजे. तळावर शौचालय व पाणी असल्याखेरीज गाळपाचा परवाना मिळू नये. ज्या शेतात टोळी उतरते तेथे फिरते शौचालय कारखान्याने न्यावे. डुक्करपालकांना बंदिस्त पालनासाठी जागा आणि लस मिळावी. फेफऱ्याच्या प्रत्येक रुग्णाची तपासणी आणि औषध ग्रामीण रुग्णालयात विनामूल्य व्हावे.

शहराच्या ताटात अंडी येतील या भीतीने कोणी या मागण्यांना पाठिंबा देणार असेल तर त्याने द्यावा. परंतु श्रीमंताला धोका पोहोचेपर्यंत गरिबाच्या शौचालयाची वाट पाहणारा समाज स्वच्छतेच्या कितीही शपथा घेवो, त्याला समाज म्हणणे कठीण आहे. ऊस तोडणाऱ्या बाईला दिवस उगवण्यापूर्वीचा अंधार शोधावा लागू नये, एवढे कारण शौचालय बांधण्यास पुरेसे आहे. पट्टकृमी हे केवळ त्या न बांधलेल्या भिंतींचे व्याज आहे, आणि ते वर्षानुवर्षे चुकीच्या माणसाकडून वसूल होत आहे.