दारू पकडली, गाडी सडली

दारूबंदीच्या बाजूने मी आहे, हे आधीच सांगून टाकतो. हदीसमध्ये दारूच्या संदर्भात ज्या दहा जणांवर लानत आहे, त्यात ती वाहून नेणाराही येतो. त्यामुळे गाडीतून दारू नेणाऱ्याची वकिली करण्याचा प्रश्नच नाही. प्रश्न आहे तो गाडीच्या मालकाचा, ज्याला आपल्या टेम्पोत काय भरलंय याची खबरही नसते.

आपल्या समाजातली कितीतरी घरं टेम्पो, ट्रक, छोटा हत्ती यांवर चालतात. गाडी फायनान्सची, चालक पगारी, माल व्यापाऱ्याचा. बिल्टीवर लिहिलेलं असतं फरसाण किंवा प्लास्टिकचे डबे. गुजरातच्या हद्दीत तपासणी होते, मागच्या पेट्यांत बाटल्या निघतात, आणि गाडी मुद्देमाल म्हणून पोलीस ठाण्याच्या आवारात जाते. चालकाला काही दिवसांनी जामीन मिळतो. गाडीला मिळत नाही.

गुजरातचा हा कायदा मुळात आपलाच. 1949 चा मुंबई दारूबंदी अधिनियम 1960 साली राज्यं वेगळी झाल्यावर दोन्हीकडे राहिला. त्यातलं कलम 98 वाहन सरकारजमा करण्याची मुभा देतं, पण गुन्हा होऊ नये म्हणून मालकाने योग्य काळजी घेतली होती असं त्याने न्यायालयाला पटवून दिलं, तर वाहन जप्त करू नये असं कलम 99 म्हणतं. म्हणजे कायद्याच्या मनात मालक आणि गुन्हेगार एक नाहीत. पण हा बचाव उपयोगी पडतो निकालाच्या वेळी. गुजरातने पुढे कलम 98 मध्ये दुरुस्ती करून ठरलेल्या मर्यादेपेक्षा जास्त दारू सापडली तर अंतिम निकालापर्यंत गाडी जामिनावर सोडू नये, अशी तरतूद केली. निकालाला पाच-सात वर्षं लागली तर गाडीचं काय उरतं, ते कुठल्याही ठाण्याच्या मागच्या बाजूला जाऊन पाहावं. टायर बसलेले, बॅटरी गेलेली, काचा फुटलेल्या. फायनान्सवाल्याचे हप्ते मात्र थांबत नाहीत.

सर्वोच्च न्यायालयाने 2002 साली सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात, तेही गुजरातच्याच, सांगितलं होतं की अशी वाहनं ठाण्यात दीर्घकाळ ठेवण्यात काही अर्थ नाही. योग्य हमी घेऊन ती परत द्यावीत. नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 497 मध्ये तर मुद्देमालाचं वर्णन 14 दिवसांत तयार करणं, फोटो-व्हिडिओ काढणं आणि त्यानंतर 30 दिवसांत विल्हेवाटीचा आदेश देणं अपेक्षित आहे. फोटो पुरावा म्हणून चालतो, मग लोखंड गंजवून काय मिळवायचं?

दंडाधिकाऱ्याचे हात बांधलेले म्हटल्यावर मालक गुजरात उच्च न्यायालयात अनुच्छेद 226 खाली जातात, आणि न्यायालयाने अशा कितीतरी गाड्या सोडल्या आहेत. अटी असतात : गाडीच्या किमतीइतका जामीन, खटला संपेपर्यंत विकणार नाही अशी हमी, बोलावल्यावर हजर करणं, पुन्हा तोच गुन्हा झाला तर गाडी जप्त. या अटी मला वाजवी वाटतात. सोडलेली गाडी पुन्हा त्याच धंद्याला लागेल, या सरकारच्या भीतीचं उत्तर त्यांतच आहे. पण छोट्या मालकाने अहमदाबादपर्यंत वकील लावायचा कसा? मोठा ट्रान्सपोर्टवाला लावतो. एकाच गाडीचा मालक ती तिथेच सोडून देतो.

बिहारमध्ये तर 2016 च्या कायद्याने जप्तीचा अधिकार जिल्हाधिकाऱ्याकडे दिला आणि न्यायालयांचा हस्तक्षेप रोखला. परिणाम उलटा झाला : पाटणा उच्च न्यायालयात अशा याचिकांचा ढीग लागला. शेवटी दंड भरून गाडी सोडवण्याची सोय करावी लागली, आणि 2023 मध्ये तो दंड विम्याच्या किमतीच्या 50 टक्क्यांवरून 10 टक्क्यांवर आणला गेला. तरी निर्दोष मालकाने 10 टक्के तरी का भरावेत, हे मला कळलेलं नाही.

गुजरातने एवढं करावं : मालक आरोपी नसेल तर त्याच अटींवर गाडी सोडण्याचा अधिकार तालुक्याच्या न्यायालयाला परत द्यावा. तोवर गुजरातच्या फेऱ्या करणाऱ्या आपल्या भावांनी बिल्टीची प्रत, चालकाशी केलेला लेखी करार आणि माल भरतानाचे फोटो सांभाळून ठेवावेत. कलम 99 मधली ‘योग्य काळजी’ सिद्ध करायला हेच कागद लागतात, आणि ते गाडीत ठेवले तर गाडीबरोबर तेही ठाण्यात जातात.