बिलाची भाषा आणि बिलाचे आकडे

सीमाभागातील आपल्या गावांत विजेचे बिल येते ते कानडीत. मराठी बिलाची आमची मागणी कायम आहे. भाषिक अल्पसंख्याक १५ ते २० टक्के असतील तेथे महत्त्वाच्या सूचना त्यांच्या भाषेत द्याव्यात, हे केंद्राने १९५६ सालीच मान्य केले होते. पण तोवर डोळे मिटून पैसे भरायचे काय? वजाबाकीला कानडी लागत नाही. मीटरच्या चालू आकड्यातून मागचा आकडा वजा केला की जळालेले युनिट मिळतात. ४० वॅटचा दिवा २५ तास जळला की एक युनिट.

खरी मेख पुढे आहे. २०२३ साली कर्नाटकात आलेल्या गृहज्योती योजनेत २०२२-२३ च्या मासिक सरासरीवर १० टक्के वाढ धरून माफीची मर्यादा ठरली. सरासरी १०० असेल तर ११० युनिट माफ. जळाले ११८, तर भरायचे ८ युनिटांचे. दर ६ रुपये धरला तर ४८ रुपये, वर कर. मात्र २०० ओलांडले की पुरे बिल अंगावर!

हे न कळलेल्या म्हातारीने महिनाअखेरीस पंखा लावावा की नाही, कशावरून ठरवावे? बिलाच्या पाठीवर चार ओळी मराठीत छापायला असा कितीसा खर्च येतो?