माणूस अचानक पुतळ्यासारखा थिजला? अंगारा नको, आधी रुग्णालय गाठा!

बोलणं बंद, जेवण बंद, वर उचललेला हात तसाच हवेत. घरचे म्हणतात, ‘बाहेरचं काहीतरी लागलंय.’ प्रत्यक्षात हा कॅटाटोनिया असू शकतो. जर्मन मनोविकारतज्ज्ञ कार्ल कालबाउम यांनी १८७४ मध्येच त्याचं वर्णन केलं होतं. तीव्र नैराश्य, बायपोलर, स्किझोफ्रेनिया किंवा मेंदूला आलेली सूज, अशी कारणं त्यामागे असतात.

लोराझेपाम या औषधाने अनेक रुग्ण काही तासांत किंवा दिवसांत बोलू लागतात. गुण न आल्यास शॉक ट्रीटमेंट उपयोगी ठरते. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्यानुसार ती भूल दिल्याशिवाय देता येत नाही. मग घाबरायचं कशाला? खरी भीती उशिराची आहे. पोटात पाणी नाही, शरीर निश्चल. अशा वेळी रक्ताच्या गुठळ्या होऊन जीवही जाऊ शकतो. देवऋषाकडे घालवलेला प्रत्येक दिवस रुग्णाला महागात पडतो.