कवडसा पाठ करायचा नसतो

मंडळी, आज जरा भांडायचं आहे.

बारावीच्या गणितात 'रेषा आणि प्रतल' असा धडा आहे. रेषा प्रतलाला नेमकी कुठे छेदते, हे पोरांकडून सूत्र म्हणून घोकून घेतात. माझ्या मते हा अन्याय आहे, आणि आमच्या बेंबळीसारख्या गावातल्या पोरांवर तर दुप्पट. दहावीपर्यंत मराठीत शिकायचं, अकरावी सायन्सला एकदम इंग्रजी. त्यात चित्र न दाखवता नुसतं सूत्र हाती दिलं की पोरगं म्हणतं, "गणित आपल्यासाठी नाहीच."

अरे, पण ते तुझ्या घरात आहे! माळवदाच्या झरोक्यातून ऊन येतं, जमिनीवर कवडसा पडतो. उन्हाची तिरीप ही रेषा, जमीन हे प्रतल, कवडसा हा छेदनबिंदू.

आकडे घालून बघा. झरोका 3 मीटर उंच. दुपार कललेली, तिरीप पूर्वेला 1 मीटर सरकताना 2 मीटर खाली उतरते. याला एक पाऊल म्हणू. 3 मीटर उतरायला दीड पाऊल लागेल, म्हणजे कवडसा झरोक्याच्या बरोबर खालच्या जागेपासून पूर्वेला 1.5 मीटरवर. पुस्तकातला तो भीतीदायक लॅम्डा म्हणजे हे दीड पाऊल. मधे 1 मीटरवर भिंत असेल तर? एका पावलातच तिरीप भिंतीला भिडते आणि कवडसा 1 मीटर उंचीवर दिसतो. रेषा तीच, प्रतल बदललं.

आणि भाजक शून्य आला तर? मेच्या दुसऱ्या आठवड्यात बेंबळीत दुपारी बारा वीसच्या सुमारास सूर्य थेट डोक्यावर येतो. ऊन सरळ खाली. किती पावलांत ते भिंतीला लागेल? कधीच नाही. भाजकातलं शून्य हेच सांगतं. झरोका भिंतीला अगदी लागून असेल, तर तिरीप भिंतीवरूनच घसरत येते. मग छेदनबिंदू एक नाही, अगणित.

क्लासवाले म्हणतात, "हे सगळं छान आहे हो, पण सीईटीत 90 मिनिटांत गणिताचे 50 प्रश्न असतात." म्हणजे प्रश्नाला 108 सेकंद. म्हणून तर म्हणतोय! पुतण्याच्या वहीत लंबपादाला एक चौकट, प्रतिबिंबाला दुसरी, छेदनबिंदूला तिसरी. वास्तविक लंबपाद म्हणजे प्रतलावर काटकोनात सोडलेली तिरीप, आणि प्रतिबिंब म्हणजे तितकीच पावलं आणखी पलीकडे. एक गोष्ट समजली की तिन्ही चौकटी पुसता येतात. शिवाय पाठ केलेलं एखादं चिन्ह चुकलं तर पाठांतरवाल्याला पत्ताही लागत नाही. कवडसा पाहिलेल्या पोराला मात्र उत्तर जमिनीखाली आलं की लगेच खटकतं.

सूत्राशी माझं वैर नाही. ते शेवटी यावं, एवढंच.

असो. भावकीतले काका म्हणतील, आता माळवदं राहिली कुठे? नसू द्या. गोठ्याच्या पत्र्याला एखादं भोक असतंच की. क्लासची फी भरण्याआधी पोराला तिथं टेप घेऊन उभं करा.